धाब्याचे घर आणि बळकटीचा हिशेब

१/ इंदापूरहून नैर्ऋत्येस सरळ रेषेत कोयनानगर सुमारे १६० किलोमीटर आणि पूर्वेस किल्लारीही जवळपास तेवढेच. महाराष्ट्राच्या दोन मोठ्या भूकंपांच्या मधोमध वसलेल्या इंदापूर-बारामती पट्ट्यासाठी एक जुना प्रश्न आजही महत्त्वाचा आहे: उभे घर भूकंपाविरुद्ध बळकट करायला खर्च किती? 🧵

२/ ११ डिसेंबर १९६७ रोजी कोयनेला भूकंप झाला. धरणाच्या भिंतीला तडे गेले. ते बुजवून, पुढे भिंतीला खालच्या बाजूने काँक्रीटचे टेकू देऊन धरण बळकट करण्यात आले. उभ्या बांधकामाला बळ देण्याचे हे राज्यातील ठळक उदाहरण. घरांच्या बाबतीत मात्र तसा विचार व्हायला आणखी पंचवीस वर्षे लागली.

३/ ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारी हादरली. जवळपास आठ हजार माणसे गेली. दोन्ही भूकंप रिश्टर मापनावर सहाहून अधिक; पण किल्लारीत घात केला तो घरांनी. जाड दगडी भिंतींचे आतले व बाहेरचे थर एकमेकांत गुंतलेले नव्हते, मध्ये नुसती माती व खडी, आणि डोक्यावर मातीचे माळवद.

४/ त्या माळवदाचे वजन किती? दहा फूट लांब-रुंद खोलीवर फूटभर मातीचा थर म्हणजे १०० घनफूट माती, अर्थात साडेचार ते पाच टन. निम्मी माती उतरवली की दोन टनांहून अधिक भार कमी होतो. खर्च केवळ फावडे, पाटी आणि मजुरीचा. बळकटीच्या अंदाजपत्रकातली ही सर्वांत स्वस्त बाब.

५/ पुढच्या बाबी मोजून काढायच्या. साधारण मीटर-मीटरवर भिंतीला आरपार भोक पाडून सळई व काँक्रीट भरायचे, म्हणजे दोन्ही थर बांधले जातात. छपराखाली सर्व भिंतींना वेढणारा सलग पट्टा द्यायचा. लाकडी खांब आणि तुळईच्या कोपऱ्यांत तिरके टेकू ठोकायचे. भिंतींची लांबी-उंची कळली की सिमेंट, सळई व मजुरीचा आकडा निघतो.

६/ शासनाने जागतिक बँकेच्या साहाय्याने पुनर्वसन हाती घेतले. ५२ गावे नव्या जागी वसवली गेली. त्यापलीकडे १३ जिल्ह्यांत सुमारे १ लाख ९० हजार घरांसाठी दुरुस्ती व बळकटीकरणाची योजना आखली. मदत नुकसानीच्या प्रतीनुसार: कमी नुकसानीला १७,००० रुपये, अधिक नुकसानीला ३४,००० रुपये.

७/ येथेच हिशेब फसला. रक्कम ठरली पडझडीवरून. घराला बळकटीसाठी काय लागेल यावरून नव्हे. शिवाय दगडाखाली माणसे गेलेली पाहिल्यावर दगडी भिंतीवरचा विश्वासच उडाला होता. बहुसंख्य कुटुंबांनी त्या पैशांत विटा-सिमेंटची एखादी नवी खोली बांधली. जुने घर पुष्कळ ठिकाणी तसेच उभे राहिले आणि वापरातही.

८/ लोकांना दोष देणे सोपे आहे. पण भूकंपाच्या छायेत झोपणाऱ्याला एक नवी, भरवशाची खोली मोलाची वाटली, यात गैर काय? उणीव अंदाजपत्रकाची होती. सिमेंट-सळईचा भाव त्यात होता. विश्वास मिळवण्याचा खर्च पुरेसा नव्हता. स्वयं शिक्षण प्रयोग संस्थेमार्फत गावोगावच्या स्त्रिया संवाद सहायक झाल्या, तेव्हा ही उणीव काहीशी भरून निघाली.

९/ किल्लारीचा परिसर तेव्हाच्या नकाशात सर्वांत कमी धोक्याच्या, म्हणजे पहिल्या, भूकंपक्षेत्रात होता. २००२ च्या नकाशात तो तिसऱ्यात गेला. पुणे आणि सोलापूरही त्याच तिसऱ्या क्षेत्रात दाखवले गेले. इंदापूर या दोन शहरांच्या दरम्यान आहे.

१०/ इंदापूर-बारामतीत मातीच्या जोडाईच्या जुन्या दगडी भिंतीवर कोणी नवा स्लॅब टाकत असेल, तर किल्लारी आठवावी: भार वाढतो, भिंत तीच राहते. खर्चाचा हिशेब दर्शनी भिंतीपासून नव्हे, घरातली माणसे जिथे रात्री झोपतात त्या खोलीपासून सुरू व्हावा. किल्लारीने शिकवलेला हा धडा अजून जुना झालेला नाही.