मेखला आणि संहिता

अद्भुतिकेतील संरक्षक मंत्र पात्रांइतकाच लेखकालाही बांधून घालतो. जे. आर. आर. टोल्किनच्या कल्पित सृष्टीत मेलिअन डोरिआथ या वनराज्याभोवती अदृश्य मेखला उभारते. तिच्याहून बलवत्तर शक्तीवाचून ती कोणालाही अनाहूतपणे ओलांडता येत नाही. मग बुटक्यांचे सैन्य आत शिरून राज्य लुटणार कसे? टोल्किनच्या मृत्यूपर्यंत (१९७३) हा पेच सुटला नाही. ‘द सिल्मरिलिअन’ (१९७७) सिद्ध करताना पुत्र ख्रिस्तोफरने राजा थिंगोलचा वध राजवाड्यातच, तेथे राबणाऱ्या बुटक्या कारागिरांकडून घडविला. पतिनिधनानंतर मेलिअन निघून जाते, मेखला विरते. हा हस्तक्षेप त्याने ‘द वॉर ऑफ द ज्वेल्स’मध्ये (१९९४) स्वतःच नोंदविला. राजाचा घरातच झालेला हा वध, म्हणजे, मंत्राच्या नियमातून आणि संपादकाच्या निरुपायातून जन्मला. संहितेचे कर्तृत्व ठरविताना समीक्षेने याची दखल घ्यावयास हवी.