आजोबांच्या पुस्तकासाठी

लीलावतीची गोष्ट आपण सगळ्यांनी कधी ना कधी ऐकलेली असते. भास्कराचार्यांची मुलगी, तिच्या लग्नाचा मुहूर्त, घटिकापात्रात पडलेला मोती, हुकलेली वेळ... आणि मग तिचं दुःख हलकं व्हावं म्हणून वडिलांनी तिच्या नावानं लिहिलेलं गणिताचं पुस्तक. गोष्ट सुंदर आहे, पण ती भेटते फैजीच्या प्रस्तावनेत. अकबराच्या सांगण्यावरून १५८७ साली त्यानं 'लीलावती'चं फार्सी भाषांतर केलं, त्या प्रस्तावनेत. म्हणजे मूळ ग्रंथानंतर चारशेहून जास्त वर्षांनी! खुद्द ग्रंथातली गणितं कधी एखाद्या मुलीला घातलेली आहेत, कधी मित्राला, तर कधी चक्क व्यापाऱ्याला. ही मुलगी आपली आहे असं भास्कराचार्य कुठेही सांगत नाहीत.

आज मला सांगायचंय ते या मुलीबद्दल नाही, नातवाबद्दल. त्याची गोष्ट दगडावर कोरलेली आहे आणि तरीही ती फारशी कोणाला ठाऊक नसते.

चाळीसगावपासून साधारण १८ किलोमीटरवर, डोंगराच्या कुशीत पाटण नावाचं ठिकाण आहे. पाटणादेवी म्हटलं की खानदेशातल्या मंडळींना लगेच कळेल. तिथल्या भवानीच्या देवळातला एक शिलालेख डॉ. भाऊ दाजी लाड यांनी उजेडात आणला आणि १८६५ साली त्याबद्दल लिहिलं. भाऊ दाजी म्हणजे ग्रँट मेडिकल कॉलेजच्या पहिल्या तुकडीतले डॉक्टर, मुंबईत उत्तम चाललेली प्रॅक्टिस, आणि ती सांभाळून हे उद्योग! (वीकेंडला 'वेळच मिळत नाही' म्हणणाऱ्या आपल्यासारख्यांनी इथे जरा खाली बघावं.) पुढे कीलहॉर्न या जर्मन पंडितानं संपूर्ण लेख नीट वाचून प्रसिद्ध केला.

लेख शके ११२८चा, म्हणजे इ.स. १२०७च्या सुमाराचा. देवगिरीवर तेव्हा यादव राजा सिंघण. लेखात सुरुवातीला राजांचं कौतुक आहे आणि मग एका घराण्याची वंशावळ: त्रिविक्रम, त्याचा मुलगा भास्करभट्ट, मग गोविंद, प्रभाकर, मनोरथ, महेश्वर, मग आपले भास्कराचार्य, त्यांचा मुलगा लक्ष्मीधर आणि नातू चंगदेव. नऊ पिढ्या!

आता वंशावळ म्हटली की माझ्यातला प्रोग्रॅमर जागा होतो. कोणीही उठावं आणि आपले पूर्वज थेट एखाद्या राजाच्या दरबारात नेऊन बसवावेत, हे काही नवीन नाही. इथेही तेच दिसतं. भास्करभट्टाला भोजराजानं 'विद्यापती' ही पदवी दिली, असं लेख म्हणतो. तर जरा टेस्ट करून बघू. भास्कराचार्यांचा जन्म शके १०३६ म्हणजे इ.स. १११४चा, हे त्यांनी स्वतःच लिहून ठेवलंय. भास्करभट्ट त्यांच्या पाच पिढ्या आधीचा. पिढीला २५ वर्षं धरली तर १२५ वर्षं मागे, म्हणजे जन्म साधारण ९८९चा. धारचा भोज राज्य करत होता १०१० ते १०५५च्या दरम्यान. म्हणजे भोज गादीवर आला तेव्हा भास्करभट्ट विशीतला! हिशोब जुळतो. यानं दावा सिद्ध होत नाही, हे मान्य. पण थाप असती तर ती इतक्या सहज पास झाली नसती, असं मला तरी वाटतं.

गंमत म्हणजे हाच भोज 'समराङ्गणसूत्रधार' या वास्तुशास्त्रावरच्या ग्रंथाचा कर्ता मानला जातो. ८३ अध्यायांचा ग्रंथ. नगर कसं वसवावं, घर कसं बांधावं, देवळं कशी असावीत, आणि एक अख्खा अध्याय यंत्रांवर. ज्याच्या दरबारात असली पुस्तकं तयार होत, त्याच्याकडून या घराण्याला पदवी मिळाली होती.

आणि बांधकाम काही 'लीलावती'लाही परकं नाही. त्यात 'चिती' म्हणजे विटांच्या रचनेचं वेगळं प्रकरणच आहे. वीट १८ अंगुळं लांब, १२ रुंद, ३ उंच. रचना ८ हात लांब, ५ हात रुंद, ३ हात उंच. एक हात म्हणजे २४ अंगुळं. तर विटा किती आणि थर किती? (उत्तर २५६० विटा, २४ थर. करून बघा.) मूर्तीसुद्धा सुटलेल्या नाहीत. शंकराच्या दहा हातांतली दहा आयुधं आलटून पालटून ठेवली तर किती वेगवेगळी रूपं होतील? ३६,२८,८००. आपण कॉलेजात रिकर्शन शिकताना लिहितो तो फॅक्टोरियलचा प्रोग्रॅम, तो हाच!

असो. तर चंगदेव. त्याचे वडील लक्ष्मीधर यांना राजा जैत्रपालानं या गावातून नेऊन आपल्या पंडितांचा प्रमुख केलं, असं लेख सांगतो. चंगदेव स्वतः सिंघणाचा मुख्य ज्योतिषी. म्हणजे दोन पिढ्या राजाश्रय, पैसा, मानमरातब. अशा माणसानं आजोबांचं स्मारक करायचं ठरवलं तर काय करेल? एखादं देऊळ बांधेल. याच घराण्यातल्या, भास्कराचार्यांच्या भावाच्या नातवानं, अनंतदेवानं ते केलंही. जवळच्याच बहाळ गावी १२२२ सालचा त्याचा लेख आहे.

चंगदेवानं मात्र मठ काढला. कशासाठी? तर आजोबांचा 'सिद्धान्तशिरोमणी', त्यांचे इतर ग्रंथ आणि घराण्यातल्या बाकीच्यांनी लिहिलेले ग्रंथ तिथे शिकवले जावेत म्हणून. पाटणच्या निकुंभ घराण्यातल्या सोइदेवानं आणि त्याचा भाऊ हेमाडिदेव यानं मठाला दानं दिली.

मला सगळ्यात आवडतो तो लेखाचा शेवट. पुढच्या ओळी संस्कृतात नाहीत, चक्क जुन्या मराठीत आहेत. पाटणच्या बाजारात विकल्या जाणाऱ्या मालावर गिऱ्हाइकांकडून राजाला जो हिस्सा मिळे, तो मठाला दिला. गावातल्या घाण्यांमागे पळीपळी तेल दिलं. वंशावळ आणि स्तुती पंडितांसाठी, म्हणून ती संस्कृतात. पण तेल ज्या तेल्याकडून यायचं त्याला कळायला नको का? मग ते मराठीत! ग्रहगणित शिकणाऱ्या पोरांच्या दिव्यात पाटणच्या तेल्याचं तेल जळत असेल, ही कल्पनाच मला फार भारी वाटते.

पुढे काय झालं? यादव गेले, निकुंभ गेले, मठ गेला. उरला फक्त दगड. मग चंगदेव हरला म्हणायचं का?

बरीच वर्षं मला तसंच वाटायचं. पण नोकरीत एक गोष्ट शिकलो. चांगला लिहिलेला कोडसुद्धा, तो समजणारी माणसं टीममधून गेली की मरतो. डिस्कवर तो असतो, पण कोणी हात लावायला धजत नाही. पुस्तकाचंही तसंच आहे. भास्कराचार्यांचं पुस्तक त्यातून वाचलं, कारण प्रत्येक पिढीत कोणीतरी ते पुन्हा समजावून सांगत राहिलं. १५४५ साली कोकणातल्या नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी 'लीलावती'वर 'बुद्धिविलासिनी' ही टीका लिहिली, नुसते नियम न सांगता ते का बरोबर आहेत हेही दाखवलं. मग फैजी. मग १८१७ साली कोलब्रुकचं इंग्रजी भाषांतर. १८९६ साली शंकर बाळकृष्ण दीक्षितांनी 'भारतीय ज्योतिषशास्त्र' मराठीत लिहिलं, तेव्हा या घराण्याची सगळी हकिगत सामान्य मराठी वाचकाच्या हातात आली.

यातलं चंगदेवाच्या रक्ताचं कोणी नाही. पण त्याला जे काम चालू ठेवायचं होतं, तेच या सगळ्यांनी केलं. वंशावळ नऊ नावांवर संपली, वाचणाऱ्यांची रांग संपली नाही.

म्हणून पुन्हा कोणी मोत्याची गोष्ट सांगायला लागलं तर जरूर ऐका, पण त्यानंतर पळीभर तेलाचीही सांगा. आणि हो, त्या २५६० विटा एकदा मोजून बघाच. रांगेत उभं राहायला तेवढंही पुरतं.