भोपाळचा कचरा आणि नव्वद दिवसांचा नियम

१ जानेवारी २०२५ च्या रात्री युनियन कार्बाइडच्या भोपाळमधील बंद कारखान्यातून बारा कंटेनर-ट्रक बाहेर पडले. आत ३३७ टन विषारी कचरा, मागेपुढे पोलिसांच्या गाड्या आणि इंदूरजवळच्या पिथमपूरपर्यंत मोकळा ठेवलेला रस्ता. वायुगळतीला तेव्हा चाळीस वर्षे उलटून गेली होती.

एवढ्या काळात भारतात घातक कचऱ्याचे कायदे जन्मले, वाढले आणि अनेकदा बदलले. ज्या दुर्घटनेने त्यांची निकड पटवली, तिच्या जागेवरचा कचरा मात्र तिथेच राहिला.

२-३ डिसेंबर १९८४ च्या रात्री ६१० क्रमांकाच्या टाकीतून मिथाइल आयसोसायनेट सुटला, हे सर्वपरिचित आहे. त्यानंतरच्या पंधरवड्याची कथा तितकी परिचित नाही. शेजारच्या ६११ क्रमांकाच्या टाकीत तेच रसायन शिल्लक होते. शास्त्रज्ञ एस. वरदराजन यांच्या देखरेखीखाली १६ डिसेंबरपासून कारखाना पुन्हा सुरू करून त्याचे सेव्हिन या कीटकनाशकात रूपांतर करण्यात आले. मोहिमेचे नाव ‘ऑपरेशन फेथ’. नावात विश्वास असला तरी हजारो भोपाळकरांनी त्याआधीच शहर सोडले होते.

टाकीतले विष असे संपले. परंतु कारखान्याचा रोजचा टाकाऊ माल, म्हणजे कीटकनाशकांचे अवशेष, नॅफ्थॉलचा गाळ आणि विषाक्त झालेली माती, आवारातच राहिला. १९७४ चा कायदा पाण्यासाठी होता, १९८१ चा हवेसाठी. जमिनीवर साचलेल्या विषाचा वाली कोण, हे दोहोंत नव्हते.

१९८६ मध्ये पर्यावरण संरक्षण कायदा झाला आणि त्याखाली जुलै १९८९ मध्ये घातक कचऱ्याचे नियम आले. कचऱ्याची जबाबदारी त्यांनी ‘भोगवटादारा’वर, म्हणजे ज्याच्या ताब्यात कारखाना त्याच्यावर टाकली. कागदावर हे चोख होते. पण १९९४ मध्ये युनियन कार्बाइडने भारतीय कंपनीतील आपला हिस्सा विकला आणि १९९८ मध्ये ती जमीन राज्य सरकारकडे परत आली. ज्यांनी नियम पाळून घ्यायचे, तेच आता भोगवटादार झाले! एवढ्या एका हस्तांतरणाने जितका वेळ खाल्ला, तितका तांत्रिक अडचणींनी क्वचितच खाल्ला असेल.

त्याच १९९८ साली रुग्णालयांच्या कचऱ्यासाठी स्वतंत्र नियम आले. प्रक्रिया न केलेला जैववैद्यकीय कचरा ४८ तासांपेक्षा अधिक काळ साठवता येत नाही. घातक कचऱ्यासाठी सर्वसाधारण मर्यादा ९० दिवसांची ठरली. रुग्णालयातला कचरा कुजतो, दुर्गंधी सोडतो, म्हणून त्याची घाई होते. रासायनिक गाळ शांतपणे पडून राहतो आणि पावसाबरोबर जमिनीत उतरतो.

२००४ मध्ये जबलपूरच्या उच्च न्यायालयात जनहित याचिका दाखल झाली, २००५ मध्ये कचरा गोळा करून गोदामात ठेवला गेला. आता तो जाळायचा कोठे? गुजरातमधील अंकलेश्वर ठरले, पण गुजरात सरकारने माघार घेतली. २०११ मध्ये नागपूरजवळच्या संरक्षण संशोधन संस्थेच्या भट्टीचे नाव पुढे आले, तेव्हा महाराष्ट्राने विरोध केला. २०१२ मध्ये विमानाने जर्मनीला पाठवण्याचा बेत झाला, तोही तिकडच्या विरोधानंतर बारगळला. प्रत्येक नकाराला आपापले कारण होते आणि त्यांतले एकही उगाच नव्हते. भट्टीचे तापमान किती असावे, धुरात काय मोजावे, हे नियमांत सापडते. ती कोणाच्या दारात पेटवावी, याचे उत्तर तिथे नाही.

२०१५ मध्ये पिथमपूरला दहा टन कचरा चाचणी म्हणून जाळला गेला. नंतर पुन्हा शांतता. ३ डिसेंबर २०२४ रोजी उच्च न्यायालयाने सरकारला फटकारून चार आठवड्यांची मुदत दिली, तेव्हा कोठे ट्रक हलले. पिथमपूरने बंद पाळला. निदर्शनांत दोघांनी स्वतःला पेटवून घेतले आणि ते जखमी झाले. फेब्रुवारी-मार्चमध्ये तीन फेऱ्यांत ३० टनांची चाचणी झाली आणि जूनअखेर उरलेला कचराही जळून संपला. चुना वगैरे मिसळल्यामुळे राखेचे वजन मूळ कचऱ्यापेक्षा अधिक भरले.

जे ३३७ टन गेले, ते गोदामात बांधून ठेवलेले होते. कारखान्याबाहेर १९७७ च्या सुमारास बांधलेल्या बाष्पीभवन-तळ्यांचा गाळ आणि भोवतालच्या वस्त्यांखालचे दूषित भूजल त्या हिशेबात कधीच नव्हते.