मुशीचा अभ्यास

एरंडोलहून समुद्र लांब. गिरणेचं पाणी तापीतून सुरतेपलीकडे खाऱ्या पाण्याला मिळतं आणि आठवडी बाजारात सुके बोंबील येतात, एवढंच आपलं नातं. तरीही खानदेशात बी.एस्सी.ला प्राणिशास्त्र घेतलेल्या जुन्या पिढीने शार्क हाताळलेला आहे. प्रयोगशाळेत फॉर्मॅलिनमध्ये ठेवलेला 'स्कोलिओडॉन', म्हणजेच कोळ्यांची मुशी!

ही मुशी मुंबईच्या समुद्रात बारकाईने अभ्यासणारे दोघे होते, एस. बी. सेटना आणि पी. एन. सारंगधर. दोघेही मुंबई सरकारच्या मत्स्य खात्यातले. आज त्यांची नावं कुणाला ठाऊक आहेत?

काळ युद्धाचा होता. 1940 साली जर्मनीने नॉर्वे घेतला आणि कॉडलिव्हर ऑइलची आवक आटली. मग मद्रास आणि मुंबई सरकारांनी जीवनसत्त्व 'अ' साठी शार्कच्या यकृताचं तेल काढायला घेतलं. सरकारला हवं होतं तेल. या दोघांना मात्र या प्राण्याचा जन्म कसा होतो, हेही जाणून घ्यायचं होतं. 1943 साली सारंगधरांनी बॉम्बे नॅचरल हिस्ट्री सोसायटीच्या नियतकालिकात टायगर शार्कचा आहार आणि प्रजनन यांवर लिहिलं. 1946 मध्ये दोघांनी मिळून मुंबईच्या समुद्रातल्या शार्क कुळाची नोंद केली. 1948-49 मध्ये गर्भाच्या वाढीवरचे आणि प्रजननावरचे लेख आले.

मुशीचं अंडं जेमतेम 1 मिलिमीटरचं. त्यात पिल्लाला पुरेल एवढा बलकच नसतो. आपल्यासारखीच वार तयार होते आणि आई पिल्लाला पोसते. इतर मासे हजारो-लाखो अंडी सोडतात, मुशीला होतात दहा-पंधरा पिल्लं. अशा प्राण्याची बेसुमार मासेमारी केली तर तूट भरून निघायची कशी?

1947 च्या सुमारास कृत्रिम जीवनसत्त्व 'अ' बाजारात आलं आणि शार्कच्या तेलाचं महत्त्व ओसरत गेलं. तो उद्योग मागे पडला, अभ्यास मात्र कामाला येतो आहे. 1948 च्या एका लेखाच्या शीर्षकात शार्कच्या भाऊबंदांपैकी तीन जाती आहेत. त्यांतल्या दोन, करवत मासा आणि गिटारच्या आकाराचा एक मासा, 2001 साली वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत घ्याव्या लागल्या. ज्या करवत माशाचे गर्भ तेव्हा अभ्यासाला मिळत होते, तो आज नामशेष व्हायच्या काठावर उभा आहे.

आपल्या समुद्रात काय होतं, हे सांगायला आता असे जुने लेखच साक्षीदार उरलेत. सरकारी नोकरी सांभाळून केलेलं हे काम. निदान त्यांची नावं तरी आपल्याला माहीत असावीत, एवढंच.