राजाचा शब्द आणि राजाचा कर

१७६३ च्या पॅरिस तहाने ग्रेनाडा बेट फ्रान्सकडून ब्रिटनकडे आले. जिंकलेल्या मुलखासाठी कायदे करण्याचा अधिकार राजाचा, हे तत्त्व तेव्हा रूढ होते. त्याच वर्षी तिसऱ्या जॉर्जने जाहीरनाम्याद्वारे बेटाला प्रतिनिधिसभेचे वचन दिले. पण जुलै १७६४ मध्ये स्वतःच्याच अधिकारात साखरेसह निर्यात मालावर साडेचार टक्के कर बसवला. कॅम्पबेल या मळेवाल्याने कर वसूल करणाऱ्या हॉलवर दावा लावला. १७७४ मध्ये लॉर्ड मॅन्सफील्ड यांनी निर्णय दिला : सभेचे वचन देताच राजाचा तो अधिकार संपला, यापुढे कर लावावा तो सभेने किंवा पार्लमेंटने. मळ्यांत राबणाऱ्या गुलामांना त्या सभेत स्थान नव्हते. तरीही दिलेला शब्द सत्तेलाही बांधून ठेवतो, हे तत्त्व त्या निकालाने कायद्यात रुजवले.