प्रकाशमान पाणी, काजवे आणि रात्रीचे पर्यटन : जव्हार-मोखाडा परिसराच्या संदर्भात एक ऐतिहासिक विवेचन

प्रस्तावना :

गेल्या दोन-अडीच दशकांत महाराष्ट्रातील पर्यटनाच्या स्वरूपात जे बदल घडून आले, त्यांमध्ये रात्रीच्या पर्यटनाचा उदय हा एक लक्षणीय बदल होय. पूर्वी पर्यटक दिवसा स्थळदर्शन करीत व रात्री मुक्काम करीत. आता अंधारी रात्र हीच प्रेक्षणीय वस्तू ठरू लागली आहे. वल्हे पाण्यात पडताच उमटणारा निळसर प्रकाश पाहण्यासाठी कयाक नावाच्या अरुंद होडीतून केलेली रात्रीची सफर हा या पर्यटनाचा विशेष आकर्षक प्रकार मानला जातो. अंदमानातील स्वराज द्वीप म्हणजेच पूर्वीचे हॅवलॉक बेट येथे अशा सफरी होतात. कॅरिबियन समुद्रातील प्वेर्तो रिकोच्या व्हिएकेस बेटावरील मॉस्किटो उपसागर त्यासाठी जगप्रसिद्ध आहे. सह्याद्रीमध्ये याच आकर्षणाचे डोंगरी रूप म्हणजे मे-जूनमधील काजव्यांचे पर्यटन होय. अकोले तालुक्यातील भंडारदरा व पुरुषवाडी या गावांकडे त्या पंधरवड्यात शहरी पर्यटकांची रीघ लागते.

पालघर जिल्ह्यातील जव्हार व मोखाडा हे तालुके मुंबई आणि नाशिक या दोन महानगरांच्या मधोमध वसलेले आहेत. जव्हारला 'ठाण्याचे महाबळेश्वर' असे संबोधले जाते. दाभोसा धबधबा, जयविलास राजवाडा, शिरपामाळ आणि मोखाड्यातील सूर्यमाळ ही तेथील परिचित स्थळे होत. रात्रीच्या पर्यटनाची लाट या परिसरातही येणे स्वाभाविक आहे. अशा वेळी ज्या रात्रीचे व ज्या पाण्याचे आकर्षण पर्यटकास दाखविले जाणार आहे, त्या रात्रीचा व त्या पाण्याचा इतिहास काय, हा प्रश्न इतिहासाच्या अभ्यासकांनी विचारणे आवश्यक ठरते.

उद्दिष्टे व अभ्यासपद्धती :

प्रस्तुत निबंधाची उद्दिष्टे पुढीलप्रमाणे आहेत. १) प्रकाशमान पाण्याच्या पर्यटनामागील वैज्ञानिक व सांस्कृतिक पार्श्वभूमी समजून घेणे. २) जव्हार-मोखाडा परिसरातील रात्रीच्या लोकजीवनाचा परामर्श घेणे. ३) या परिसरातील पाण्याच्या मालकीचा इतिहास तपासून त्या आधारे रात्रीच्या पर्यटनाविषयी काही निष्कर्ष मांडणे. निबंधासाठी वर्णनात्मक व विश्लेषणात्मक पद्धतीचा अवलंब केला असून दुय्यम साधनांचा आधार घेतला आहे.

प्रकाशमान पाण्याचे स्वरूप :

समुद्राच्या पाण्यातील हा प्रकाश प्रामुख्याने सूक्ष्म सजीवांचा असतो. अरबी समुद्रात आढळणारा नॉक्टिल्युका हा एकपेशीय सजीव त्यांपैकी सर्वपरिचित होय. लाट फुटली, मासा सळसळला किंवा वल्हे फिरले की त्या हालचालीने हा सजीव क्षणभर चमकतो. हा प्रकाश रासायनिक क्रियेतून निर्माण होतो व त्यात उष्णता जवळजवळ नसते. १८८०च्या दशकात राफाएल द्युबुआ या फ्रेंच शास्त्रज्ञाने अशा प्रकाशामागे दोन द्रव्यांची परस्परक्रिया असते, हे दाखवून दिले. त्यांना ल्युसिफेरिन व ल्युसिफरेज ही नावे मिळाली. नोव्हेंबर २०२० मध्ये मुंबईच्या जुहू किनाऱ्यावर आणि सिंधुदुर्गातील देवगड येथे निळ्या लाटा दिसल्या, तेव्हा त्या पाहण्यासाठी लोकांनी मोठी गर्दी केली होती.

या दृश्याची दुसरी बाजूही विचारात घेतली पाहिजे. नॉक्टिल्युकाची बेसुमार वाढ ही मच्छीमारांच्या दृष्टीने शुभ घटना नव्हे. उत्तर अरबी समुद्रात हिवाळ्याच्या अखेरीस होणाऱ्या या वाढीचा संबंध पाण्यातील प्राणवायूच्या कमतरतेशी असल्याचे २०१४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या संशोधनात मांडण्यात आले. म्हणजे पर्यटकास जे नयनरम्य वाटते ते समुद्रावर पोट असणाऱ्यास चिंतेचे कारण असू शकते. एकाच दृश्याचे दोन अर्थ संभवतात, ही बाब पुढील विवेचनासाठी महत्त्वाची आहे.

येथे एक भौगोलिक मर्यादा स्पष्ट करणे इष्ट होय. नॉक्टिल्युका हा खाऱ्या पाण्यातील सजीव आहे. जव्हारचे पठार समुद्रसपाटीपासून सुमारे साडेचारशे मीटर उंचीवर असून तेथील नद्या, तलाव व धरणे गोड्या पाण्याची आहेत. त्यामुळे या पाण्यात रात्री होडी घातली तरी वल्ह्याखाली निळा प्रकाश उमटणार नाही. या डोंगराळ भागातील सजीव प्रकाश हा काजव्यांचा आहे व तो पाण्याच्या काठावरील झाडांवर दिसतो. किनारपट्टीवरील पर्यटनाचा नमुना जसाच्या तसा डोंगरात उचलून आणता येत नाही, हे यावरून ध्यानात येते.

उपजीविकेचे साधन ते मौजेचे साधन :

कयाक ही होडी उत्तर ध्रुवाजवळील इनुइट व अल्यूट लोकांची निर्मिती होय. लाकडाच्या वा हाडांच्या सांगाड्यावर सीलचे कातडे ताणून ती बनविली जाई आणि तिचा उपयोग शिकारीसाठी होत असे. एकोणिसाव्या शतकात युरोपीय हौशी प्रवाशांनी तिचे अनुकरण केले. जॉन मॅकग्रेगर या स्कॉटिश गृहस्थाने आपल्या होडीतील प्रवासावर १८६६ मध्ये लिहिलेल्या पुस्तकामुळे हा छंद लोकप्रिय झाला. १९३६ च्या बर्लिन ऑलिंपिकमध्ये कयाक शर्यतींना अधिकृत स्थान मिळाले. ज्या साधनावर एका समाजाचे जगणे अवलंबून होते, ते दुसऱ्या समाजाच्या करमणुकीचे साधन झाले, असा हा प्रवास आहे.

अंधाराच्या आकर्षणाचाही असाच इतिहास सांगता येतो. मुंबईच्या रस्त्यांवर १८६५ मध्ये गॅसचे दिवे लागले. १८८२ मध्ये क्रॉफर्ड मार्केटमध्ये विजेच्या दिव्यांचा प्रयोग झाला. पुढील शतकात शहरातील रात्र इतकी उजळली की काजवा व तारे पाहण्यासाठी शहराबाहेर जावे लागू लागले. अंधार ही शहरात दुर्मीळ झालेली वस्तू ठरली आणि दुर्मीळ वस्तूस किंमत येते, या न्यायाने तिची बाजारपेठ निर्माण झाली.

जव्हार-मोखाड्याची रात्र :

पर्यटनाच्या जाहिरातींत या भागाचे वर्णन बहुधा 'निर्मनुष्य' व 'अस्पर्शित' अशा विशेषणांनी केले जाते. इतिहासाची साक्ष मात्र वेगळी आहे. जव्हार हे मुकणे या कोळी घराण्याचे संस्थान होते. या घराण्यातील नेमशाहास दिल्लीच्या सुलतानाकडून राजा ही पदवी मिळाली तो ५ जून १३४३ हा दिवस जव्हारच्या स्वतंत्र शकाचा आरंभ मानला जाई. सुरतेच्या स्वारीवर जाताना छत्रपती शिवाजी महाराजांचा मुक्काम शिरपामाळ येथे झाला, अशी स्थानिक परंपरा आहे. १६७२ मध्ये मोरोपंत पिंगळे यांनी जव्हार जिंकून घेतले. ब्रिटिश काळात जव्हार हे ३१० चौरस मैलांचे संस्थान राहिले, तर मोखाडा हा ब्रिटिश ठाणे जिल्ह्यातील शहापूर तालुक्याचा भाग होता. १९४८ मध्ये जव्हार संस्थान मुंबई राज्यात विलीन झाले आणि १ ऑगस्ट २०१४ रोजी हे दोन्ही तालुके नव्या पालघर जिल्ह्यात आले.

राजकीय इतिहासाइतकाच येथील रात्रीचा सामाजिक इतिहासही समृद्ध आहे. वारली, कोकणा, महादेव कोळी, ठाकूर व कातकरी समाजांच्या जीवनात रात्र हा कामाचा, उत्सवाचा आणि एकत्र येण्याचा काळ राहिला आहे. होळीनंतरच्या दिवसांत होणारा बोहाडा हे त्याचे ठळक उदाहरण होय. मुखवटे धारण केलेली देवादिकांची व दैत्यांची सोंगे संबळ-सनईच्या साथीने रात्रभर नाचविली जातात. मशालीच्या हलत्या उजेडात मुखवटा सजीव वाटतो. त्यामुळे अंधार हा या उत्सवाचा अविभाज्य घटक ठरतो. भाताची कापणी झाल्यावर तारप्याच्या सुरावर चालणारा नाचही रात्रीचाच.

पहिल्या पावसाच्या वेळी नदी-ओहोळांतून वर चढणारे वलगणीचे मासे आणि बिळाबाहेर येणारे खेकडे धरण्यासाठी लोक रात्री चूड किंवा बत्ती घेऊन बाहेर पडतात. उन्हाळ्याच्या टंचाईनंतर ताटात येणारे हे पहिले ताजे अन्न असते. काजव्यांचा हंगाम व वलगणीचा हंगाम हे साधारणपणे एकाच सुमारास येतात, ही बाब उल्लेखनीय आहे. ज्या ओहोळाच्या काठी पर्यटक काजवे पाहण्यास उभा राहील, त्याच ओहोळात त्या रात्री कोणी मासे धरीत असेल.

रात्रीला राजकीय अर्थही होता. १९४५ मध्ये ठाणे जिल्ह्याच्या उत्तर भागात किसान सभेच्या नेतृत्वाखाली वारल्यांनी वेठबिगारीविरुद्ध लढा उभारला. ऑक्टोबर १९४५ मध्ये तलवाडा येथे रात्री मोठ्या संख्येने जमलेल्या वारल्यांवर पोलिसांनी गोळीबार केला व त्यात पाच जण हुतात्मा झाले. गोदावरी परुळेकर यांच्या 'जेव्हा माणूस जागा होतो' या १९७० मधील ग्रंथात या लढ्याची कहाणी आली आहे. दिवस जमीनदाराच्या व जंगल ठेकेदाराच्या कामात जात असे. उरलेली रात्र तेवढी माणसांची स्वतःची होती.

पाणी कोणाचे? :

होडीच्या सफरीसाठी अंधाराबरोबर पाणी लागते. या परिसरात पावसाळ्यात अडीच हजार मिलिमीटरहून अधिक पाऊस पडतो. परंतु तीव्र उतार व बेसॉल्टचा कठीण खडक यांमुळे पाणी फारसे मुरत नाही. उन्हाळ्यात मोखाड्यातील अनेक पाड्यांना टँकरवर विसंबून राहावे लागते.

याच परिसरातील नद्या मुंबईची तहान भागवितात. मुंबईच्या पाणीपुरवठ्यात तानसा १८९२ मध्ये, मोडकसागर १९५७ मध्ये आणि ऊर्ध्व वैतरणा १९७३ मध्ये सामील झाले. मोखाडा तालुक्यातील कोचाळे येथे बांधलेल्या मध्य वैतरणा धरणातून २०१४ पासून मुंबईस पाणी मिळू लागले. सुमारे १०२ मीटर उंचीच्या या धरणाची क्षमता दररोज ४५५ दशलक्ष लिटर पाणीपुरवठ्याची आहे. म्हणजे मोखाड्यात जेथे विस्तीर्ण जलाशय आहे तेथील पाणी महानगराचे, आणि जेथे पाडा आहे तेथे विहिरीचा तळ, अशी विसंगती निर्माण झाली. १९९२-९३ मध्ये जव्हार तालुक्यातील वावर-वांगणी येथील बालमृत्यूंनी या भागातील दारिद्र्य देशासमोर आणले होते. दिवाळीनंतर अनेक कुटुंबे भिवंडी-वसई परिसरातील वीटभट्ट्यांवर स्थलांतर करतात व पावसाच्या तोंडावर परततात. काजवे पाहण्यासाठी शहरातून गाड्या येतात, तो हाच परतीचा काळ होय.

या पार्श्वभूमीवर कायदेशीर स्थिती लक्षणीय ठरते. जव्हार व मोखाडा हे तालुके पाचव्या अनुसूचीतील क्षेत्रात मोडतात. १९९६ च्या पेसा कायद्याने अनुसूचित क्षेत्रातील लघु जलसाठ्यांचे नियोजन व व्यवस्थापन पंचायतींकडे सोपविले आहे. महाराष्ट्राने २०१४ मध्ये त्याचे नियम केले. २००६ च्या वनहक्क कायद्याने जलसाठ्यांतील मासे व इतर उत्पन्नावरील सामूहिक हक्क मान्य केला आहे. त्यामुळे पाड्याजवळच्या तळ्यात अथवा नदीच्या डोहात रात्री पर्यटकांची होडी सोडावी की नाही, हा विषय केवळ सहल आयोजकाच्या सोयीचा राहत नाही. तो ग्रामसभेच्या विचारकक्षेत येतो.

निष्कर्ष :

उपरोक्त विवेचनावरून पुढील निष्कर्ष काढता येतात.

१) प्रकाशमान पाण्याचे व काजव्यांचे आकर्षण हे निसर्गप्रेमाबरोबरच शहरातील अंधार नष्ट होण्याच्या इतिहासातून उत्पन्न झाले आहे.

२) जव्हार-मोखाड्याची रात्र निर्मनुष्य नाही. बोहाडा, तारपा, वलगणीची मासेमारी आणि वारल्यांच्या चळवळीची स्मृती यांनी ती भरलेली आहे. पर्यटनाच्या नियोजनात प्रखर दिवे, वाहने व गोंगाट यांमुळे काजव्यांच्या प्रजननास जसा अडथळा येतो तसाच लोकांच्या रात्रीसही येतो, याची दखल घेतली पाहिजे.

३) समुद्रकिनाऱ्यावरील पर्यटनाचा नमुना या डोंगराळ भागास लागू पडत नाही. येथील रात्रीचे वैशिष्ट्य काजवे व लोकोत्सव हे आहे.

४) मोठ्या धरणांच्या बाबतीत पाण्यासंबंधीचा निर्णय स्थानिकांच्या हातून निसटला. लघु जलसाठ्यांच्या बाबतीत कायद्याने तो त्यांच्या हाती ठेवला आहे. रात्रीच्या पर्यटनाची परवानगी, पर्यटकसंख्येची मर्यादा, हंगामातील बंदीचे दिवस व उत्पन्नाचा वाटा हे ग्रामसभेने ठरविल्यास वीटभट्टीवरील स्थलांतरास थोडा तरी पर्याय उभा राहू शकेल.

मुंबईने गेल्या सव्वाशे वर्षांहून अधिक काळ या डोंगरांतून पाणी नेले. आता येथील अंधारालाही मागणी येऊ घातली आहे. पहिल्या व्यवहारात ज्यांना कोणी विचारले नाही, त्यांना दुसऱ्या व्यवहारात प्रथम विचारले जावे, एवढी अपेक्षा या अभ्यासातून व्यक्त करावीशी वाटते.