प्रशासकराज (चंद्रपूर–गडचिरोली)

प्रशासकराज : लोकनियुक्त मंडळाची मुदत संपल्यावर किंवा ते बरखास्त झाल्यावर, नवे मंडळ निवडून येईपर्यंत शासननियुक्त अधिकाऱ्याने चालवलेला कारभार. देशपातळीवर पक्षाबाहेरच्या जाणकारांचे हंगामी मंत्रिमंडळ इटलीत (मारिओ मोन्ती, २०११) आणि बांगलादेशात (मुहम्मद युनूस, २०२४) सत्तेवर आले. भारतातील राज्यांत सरकार बनू शकत नसेल तेव्हा राष्ट्रपती राजवट लागते. महाराष्ट्रात ती १९८०, २०१४ आणि २०१९ मध्ये लागली होती. जाणकारांच्या हंगामी सरकारचे त्यातल्या त्यात जवळचे रूप पाहायचे तर जिल्हा परिषदेत पाहावे लागते, आणि चंद्रपूर व गडचिरोली या वनजिल्ह्यांत ते वर्षानुवर्षे टिकले आहे.

दोन्ही जिल्हा परिषदांची शेवटची निवडणूक फेब्रुवारी २०१७ मध्ये झाली. चंद्रपूरला ५६ आणि गडचिरोलीला ५१ सदस्य होते. मार्च २०२२ मध्ये त्यांची पाच वर्षे पूर्ण झाली. महाराष्ट्र जिल्हा परिषद व पंचायत समिती अधिनियम, १९६१ नुसार मुख्य कार्यकारी अधिकारी जिल्हा परिषदेचे आणि गटविकास अधिकारी पंचायत समितीचे प्रशासक झाले. चंद्रपूर महानगरपालिकेतही एप्रिल २०२२ अखेर आयुक्तांकडे सभागृहाचे अधिकार आले.

या व्यवस्थेचा कणा समजून घेण्यासारखा आहे. एरवी मुख्य कार्यकारी अधिकारी प्रस्ताव ठेवतो. स्थायी समिती, विषय समित्या आणि सर्वसाधारण सभा तो मंजूर करतात, अडवतात किंवा त्यावर गदारोळ घालतात. प्रशासकराजात प्रस्ताव ठेवणारा आणि मंजूर करणारा एकच. अध्यक्ष, सभापती, समित्या या सर्वांचे अधिकार एका खुर्चीत येतात. अंदाजपत्रकही तीच खुर्ची मांडते आणि तीच संमत करते. मोन्तींच्या मंत्रिमंडळात निवडून आलेले खासदार नव्हते, तरी त्यांना संसदेचा विश्वास मिळवावा लागला. इथे तेवढीही गरज नाही. प्रशासक सहसा अभ्यासू असतो, कामे वेगाने उरकतात, टक्केवारीची कुजबुजही कमी होते, असे या व्यवस्थेचे समर्थक सांगतात. त्यात तथ्य असू शकते. पण गडचिरोलीतील सिरोंचा तालुका जिल्हा मुख्यालयापासून सुमारे दोनशे किलोमीटरवर आहे. तिथल्या माणसाला बंद पडलेल्या हातपंपासाठी किंवा शिक्षक नसलेल्या शाळेसाठी ज्याच्या दारात जाऊन बसता येते तो झेडपी मेंबर, आणि नेमका तोच या काळात नसतो. अधिकारी बदलून जातो. त्याला पुढच्या निवडणुकीत तोंड दाखवायचे नसते.

पक्षनिरपेक्षतेचा दावाही तपासून घ्यावा लागतो. २०२० मध्ये कोरोनामुळे ग्रामपंचायतींच्या निवडणुका लांबल्या, तेव्हा पालकमंत्र्यांच्या सल्ल्याने गावातील ‘योग्य व्यक्ती’ प्रशासक नेमण्याचा शासन निर्णय निघाला. योग्य कोण हे मंत्र्याने ठरवायचे, तर ती पक्षाचीच माणसे होणार, हे सांगायला ज्योतिषी नको होता. मुंबई उच्च न्यायालयाने अंतरिम आदेशात शासकीय अधिकाऱ्यांनाच नेमण्यावर भर दिला. जिल्हा पातळीवर राजकारण वेगळ्या वाटेने शिरते. राज्यघटनेप्रमाणे जिल्हा नियोजन समितीचे किमान चार पंचमांश सदस्य स्थानिक संस्थांच्या निर्वाचित सदस्यांमधून यायला हवेत. त्या संस्थाच रिकाम्या असल्या की पालकमंत्र्यांचा शब्द आपोआप जड होतो. शिवाय वित्त आयोगाच्या निधीसाठी निवडून आलेले मंडळ असावे ही केंद्राची अट आड येते.

हा संधिकाल इतका का लांबला? पाच वर्षांची मुदत संपण्याआधी निवडणूक व्हावी, असे ७३ व्या घटनादुरुस्तीने घातलेले बंधन आहे. मार्च २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने विकास गवळी खटल्यात ओबीसी आरक्षणासाठी तिहेरी कसोटी आणि तिचाच भाग असलेली एकूण ५० टक्क्यांची मर्यादा लागू केली. पुढे ओबीसी आरक्षणासाठी नेमलेला बांठिया आयोग, गट-प्रभागांची संख्या, ती ठरवण्याचा अधिकार कोणाचा, असे वाद एकामागून एक आले. खरी गोची मात्र या जिल्ह्यांच्या लोकसंख्येतच आहे. २०११ च्या जनगणनेनुसार गडचिरोलीत अनुसूचित जमाती सुमारे ३८.७ टक्के आणि अनुसूचित जाती सुमारे ११.३ टक्के, म्हणजे घटनेने दिलेले आरक्षणच जवळपास निम्म्यावर पोचते. चंद्रपुरात हीच बेरीज सुमारे ३३ टक्के. त्यावर २७ टक्के ओबीसी जागा ठेवल्या की दोन्हीकडे मर्यादा ओलांडते. आदिवासींची संख्या मोठी असलेल्या भागातच लोकनियुक्त सभागृह सर्वांत उशिरा यावे, हा विरोधाभास आहे.

या पोकळीत एक संस्था मात्र चालू राहिली : ग्रामसभा. ती गावातल्या सर्व मतदारांची असल्याने तिची मुदत संपत नाही. अनुसूचित क्षेत्रांतील पंचायतींचा पेसा कायदा (१९९६) आणि वनहक्क कायदा (२००६) यांच्या आधारे गडचिरोलीतील अनेक ग्रामसभा बांबू व तेंदूपत्त्याचे व्यवहार स्वतः करतात. धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) गावाला २००९ मध्ये सुमारे १,८०० हेक्टर जंगलावर सामूहिक हक्क मिळाला. आमच्या गावात आम्हीच सरकार, ही त्या गावाची घोषणा त्याच्या कितीतरी आधीची. ग्रामसभेला रस्ते, आरोग्य केंद्रे किंवा शिक्षकांच्या बदल्या पाहता येत नाहीत. ते काम जिल्हा परिषदेचे. त्यामुळे खाली जागे गाव आणि वर एकटा अधिकारी, अशी विजोड रचना या काळात तयार झाली.

सर्वोच्च न्यायालयाने ६ मे २०२५ रोजी चार महिन्यांत निवडणुका घेण्यास सांगितले आणि नंतर ही मुदत ३१ जानेवारी २०२६ पर्यंत वाढवली. चंद्रपूर महानगरपालिकेच्या ६६ जागांसाठी १५ जानेवारी २०२६ रोजी मतदान झाले. त्याच महिन्यात राज्य निवडणूक आयोगाने १२ जिल्हा परिषदांचा कार्यक्रम जाहीर केला. त्या यादीत चंद्रपूर आणि गडचिरोली नव्हते.